ही आमची आजी नव्हे!

परवा भाच्याने घरच्या ग्रुपवर एक क्लिप टाकली. केडगावच्या घरी माळ्यावर पडलेली १९९४ सालची व्हीएचएस कॅसेट, ताईच्या लग्नाची. त्याने ती कॉम्प्युटरवर घेतली आणि एआयकडून 'स्वच्छ' करून घेतली. सगळ्यांनी वा वा केली. मी एकटाच भडकलो.

आजीच्या गालांवर देवीचे व्रण होते हो! क्लिपमधल्या बाईचे गाल तुकतुकीत आहेत. कॅसेटवर नेमक्या तिच्याच दृश्यात सर्वांत जास्त रेघा होत्या. यंत्राने त्यांच्याखाली अंदाजाने एक चेहरा भरला. तो आमच्या घरातल्या कुणाचाच नाही.

त्या रेघा आल्या कुठून? आजी गेल्यावर अण्णा तिथेच पॉज करून बसायचे. पॉज केलं की फीत थांबते, पण व्हीसीआरचा ड्रम सेकंदाला २५ वेळा फिरतच राहतो आणि त्याची हेड्स तेवढाच तुकडा घासत राहतात. म्हणजे ती झीज अण्णांनी केलेली. आईची आठवण काढून काढून! तीच पुसून टाकायची आणि वर म्हणायचं, आठवण जपली?

दुसरी जमात याच्या उलट. मोबाईलवर काल काढलेल्या व्हिडिओवर फिल्टरने रेघा मारायच्या आणि त्याला 'प्रायोगिक' म्हणायचं. बिल मॉरिसनचा 'डेकेशिया' (२००२) बघा. खरोखर सडलेल्या नायट्रेट फिल्म्समधून त्याने तो जुळवला. तिथला प्रत्येक डाग काळाने पाडलेला आहे, मेनूतून निवडलेला नाही.

कुणी म्हणेल, मग काय कॅसेट सडू द्यायची? मुळीच नाही. दमट हवेत फितीला बुरशी लागते, चुंबकीय थर धरून ठेवणारा चिकट पदार्थ सुटू लागतो. व्हीसीआर बनवणाऱ्या अखेरच्या कंपन्यांपैकी एक, जपानची फुनाई, तिनेही २०१६ मध्ये ते बंद केले. तेव्हा प्रत आजच काढा. पण आधी जशीच्या तशी, रेघांसकट. तिला हात लावू नका. मग दुसऱ्या प्रतीवर काय हवे ते प्रयोग करा, आणि त्यावर तसं लिहा.

भाच्याला फोन करून विचारलं, मूळ प्रत ठेवलीस ना? म्हणाला, "मामा, जागा खात होती, डिलीट केली."

असो. कॅसेट अजून आहे. येत्या रविवारी केडगावला जातोय. कुणाकडे चालू व्हीसीआर असेल तर कळवा.