बेटावरचा मासा आणि झरीची सभा

डहाणूच्या आमच्या कॉलेजात महिन्यातून एकदा जुने बोलपट दाखविण्याची चूष आहे, आणि ती अस्मादिकांचीच.

मागच्या खेपेस रॉबर्ट फ्लॅहर्टीचा १९३४ सालचा 'मॅन ऑफ ॲरन' लावला. आयर्लंडच्या पश्चिमेची खडकाळ बेटे. माती जवळजवळ नाहीच. खडकांच्या फटींतून ती खरवडून काढायची, समुद्रशेवाळ आणून पसरायचे आणि त्यात बटाटे लावायचे. उसळत्या लाटा आणि होडीपेक्षा मोठ्या माशाची शिकार पाहून पोरे थक्क झाली. दिवे लागल्यावर मी गुपित फोडले. पडद्यावरचे आई, बाप आणि मुलगा हे एक कुटुंब नव्हेच. निरनिराळ्या घरांतून निवडून आणलेली माणसे. भाल्याने तो मासा मारणे पन्नासेक वर्षांपूर्वीच बंद पडलेले. चित्रासाठी बेटकऱ्यांना ते नव्याने शिकवावे लागले. "जुनी शिकार परत आणली, पण जुना जमीनदार आणि त्याचा खंड मात्र आणला नाही," असे म्हणून मी टाळीची वाट पाहू लागलो.

टाळी आली नाही. तलासरीकडचा एक वारली विद्यार्थी उठला. "सर, तुम्ही लिहिलंत त्यातही तसंच आहे."

वाचकहो, काही वर्षांपूर्वी वारल्यांवरच्या एका छोट्या अनुबोधपटाचे निवेदन मी लिहिले होते. तारपा, लग्नाचा चौक, तांदळाच्या पिठाची पांढरी रेघ, सारे काही त्यात होते. घरात लग्न नसताना चौक काढविला, हे तेव्हा मला खटकलेही नाही.

"माझा पणजा झरीच्या सभेला होता. ते कुठंय?"

झरी त्याच्याच तालुक्यातली. २३ मे १९४५ रोजी तिथे सुमारे ५,००० वारल्यांनी वेठ न करण्याचे ठरविले. १० ऑक्टोबरला तलवाड्याला गोळीबार झाला; ५ जण मेले. गोदावरी परुळेकरांचे 'जेव्हा माणूस जागा होतो' मी पोरांना वाचायला सांगतो. निवेदनात मात्र 'निसर्गाच्या कुशीत नांदणारी माणसे' असे लिहून मोकळा झालो होतो. मानधनही घेतले.

त्या पणज्याची लेक, म्हणजे याची आजी, आता नव्वदीला टेकली आहे. आईबापांची वेठ तिने डोळ्यांनी पाहिलेली. भेटायला येऊ का, म्हणून विचारले.

"भाताची कापणी उरकली की या," तो म्हणाला. "पण सकाळीच या सर. दुपारनंतर ती थकते."