दोन पांढरे गोळे, दोन नावं

काय दोस्तांनो, आज एक कोडं घालू? समोर दोन ताटल्या आहेत. दोन्हींत पांढराशुभ्र, मऊ, ताजा गोळा. दोन्ही गोळे एकाच कळपाच्या, एकाच सकाळच्या दुधातून निघालेले. तरी एकाचं नाव 'काश' आणि दुसऱ्याचं 'उर्द'. असं का बरं?

उत्तर शोधायला थेट रुमेनियात जाऊ या. तिथल्या कार्पेथियन डोंगरांत उन्हाळा आला की धनगर मेंढ्या घेऊन वरच्या कुरणांवर जातात. त्यांच्या डोंगरातल्या मेंढवाड्याला म्हणतात 'स्तिन', आणि तिथल्या मुख्य धनगराला 'बाच'. चीज करायचं काम या बाचचं. ऋतूप्रमाणे कळप हलवण्याच्या या रीतीला युनेस्कोच्या सांस्कृतिक वारशाच्या यादीत जागा मिळाली आहे. 2023 मध्ये त्या नोंदीत रुमेनियाचंही नाव आलं.

बाच दूध गाळतो आणि कोमटच ठेवतो, उकळत नाही. त्यात रेनेट घालतो. कोकराच्या किंवा वासराच्या जठरातून मिळणारा हा पदार्थ दूध गोठवतो. घट्ट झालेलं दूध मोडायचं, फडक्यात बांधायचं आणि निथळत ठेवायचं. झाला काश! मीठ नाही, असलंच तर नावापुरतं.

खाली उरते निवळी. ती तो फेकून देतो की काय? छे! कढईत घालून चुलीवर चढवतो. उकळी यायच्या बेतात आली की पांढरे कण तरंगून वर येतात. ते गाळले की झाली उर्द. चवीला किंचित गोडसर.

आता गंमत ऐका. दुधात मुख्यतः दोन प्रकारची प्रथिनं असतात. गाईच्या दुधातल्या प्रथिनांत सुमारे 80 टक्के केसिन असतं, उरलेली 20 टक्के निवळीतली प्रथिनं. रेनेटनं गोठतं ते केसिन. निवळीतली प्रथिनं मात्र पाण्यात तशीच विरघळलेली राहतात आणि चांगली तापवली की मगच बाहेर पडतात. म्हणजे काश हा केसिनचा गोळा आणि उर्द हा निवळीच्या प्रथिनांचा. दिसायला जुळी भावंडं, पण आतून निराळी!

नावंही तेच सांगतात. 'काश' आला लॅटिन 'कासेउस'वरून. याच शब्दापासून इंग्रजांचं 'चीज' आलं, जर्मनांचं 'केझ' आलं, पोर्तुगीजांचं 'केइजू' आलं आणि आपलं शास्त्रातलं 'केसिन'सुद्धा. मग उर्दीला चीज म्हणावं का? अन्नपदार्थांचे आंतरराष्ट्रीय नियम ठरवणाऱ्या 'कोडेक्स'नं त्यावर तोडगा काढलाय. नेहमीच्या चीजसाठी एक नियमावली आणि निवळीच्या चीजसाठी दुसरी, वेगळी.

काशचं पुढे काय होतं, यावरून पुन्हा नावं बदलतात. तुकडे करून मिठाच्या पाण्यात मुरवला, तर 'तेलेम्या'. कुस्करून, मीठ घालून, मळून मेंढीच्या पोटाच्या किंवा कातड्याच्या पिशवीत ठासून भरला, तर 'ब्रिन्झ दे बुर्दुफ'. 'ब्रिन्झ' म्हणजे सर्वसाधारण चीज. मेंढपाळांबरोबर हा शब्द डोंगर ओलांडून गेला. म्हणून स्लोव्हाकिया आणि पोलंडमध्येही 'ब्रिंझा' मिळतं.

इथं एक सापळा आहे, सांभाळा हं! 'ब्रिन्झ दे वाच' याचा शब्दशः अर्थ 'गाईंचं चीज'. पण गाईच्या दुधाच्या कुठल्याही चीजला हे नाव लावत नाहीत. दूध आंबवून, निथळून केलेलं मऊ, भुसभुशीत चीज तेवढं 'ब्रिन्झ दे वाच'. गाईच्या दुधाचा तेलेम्या हा तेलेम्याच राहतो.

तुम्ही म्हणाल, कशाला एवढी नावांची उठाठेव? अहो, नावावर पोट असतं! तेलेम्या दिसायला ग्रीकांच्या 'फेटा'सारखा. पण 2002 पासून युरोपीय संघात 'फेटा' हे नाव फक्त ग्रीसमध्ये, ठरलेल्या रीतीनं केलेल्या चीजलाच लावता येतं. दुसऱ्याच्या नावावर विकायची सोय नाही. मग आपल्या नावालाच मान मिळवायला हवा. तसा तो मिळालाही. 2016 मध्ये 'तेलेम्या दे इबानेश्त' या नावाला युरोपीय संघाचं संरक्षण मिळालं. हा तेलेम्या मुरेश जिल्ह्यातल्या गाईच्या दुधाचा, आणि तो मुरवतात त्याच भागातल्या नैसर्गिक खाऱ्या पाण्यात. आता दुसरीकडे कुणी चीज केलं आणि त्यावर हे नाव छापलं, तर ती फसवणूक ठरते. गिऱ्हाईकाचीही आणि त्या खोऱ्यात गाई पाळणाऱ्यांचीही.

आता तुमच्यासाठी प्रयोग. घरी पनीर कराल तेव्हा उरलेली निवळी आईबाबांच्या मदतीनं पुन्हा उकळून बघा. उर्द मिळेल? फारसं काही हाती लागणार नाही. का? पनीरसाठी आपण दूध आधीच उकळतो. त्यामुळे निवळीतली प्रथिनं केसिनला चिकटतात आणि लिंबू पिळलं की दोन्ही एकदमच फाटून पनीरमध्ये जातात. बाचच्या कोमट दुधात तसं होत नाही.

मग सांगा पाहू, पनीर कुठल्या ताटलीत ठेवाल? काशच्या, उर्दीच्या, की त्याला तिसरीच ताटली आणायची? तुमचं उत्तर कारणासकट लिहून पाठवा. नुसतं 'तिसरी' लिहिलंत तर अर्धेच गुण, बरं का!