वजन कशाचे केले?

सातपुड्याच्या पायथ्याशी, शिरपूर-चोपडा पट्ट्यात, गांजाच्या खटल्यात गरीब आदिवासी सापडला की सारी मदार तराजूवर असते. १९८५ च्या कायद्यानुसार गांजा म्हणजे फुलोऱ्याचे शेंडे. शेंड्यांविना पाने-बिया नव्हेत. २० किलोंच्या वर ताबा ठरला की किमान १० वर्षे सश्रम कारावास, आणि जामीनही दुर्घट! मग मुळांसकट ओली झाडे तोलून आलेला आकडा पुरावा कसा? नमुने दंडाधिकाऱ्यासमक्षच घ्यावेत, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१६ साली बजावले आहे. गांजाच्या व्यापाराला आमचे समर्थन नाही. पण ताबा सिद्ध होताच अपराध गृहीत धरणाऱ्या कायद्यात तराजू तरी निष्कलंक हवा. धुळे-जळगावच्या कार्यकर्त्यांनी प्रत्येक पंचनामा तपासावा आणि विचारावे: वजन कशाचे केले?