नागरिकत्वाची तारीख कोणासाठी?

मध्य रेल्वेच्या कर्जत मार्गावर कल्याण सोडले की पहिले स्थानक विठ्ठलवाडी. त्याच्या एका अंगास कल्याण, दुसऱ्या अंगास उल्हासनगर. येथला माणूस आजही आपला पत्ता 'कॅम्प नंबर चार' असा सांगतो. हे कॅम्प मूळचे दुसऱ्या महायुद्धातील लष्करी तळाचे. फाळणीनंतर सिंधमधून आलेल्या सुमारे लाखभर निर्वासितांना त्या बराकींत आसरा मिळाला आणि ८ ऑगस्ट १९४९ रोजी गव्हर्नर-जनरल राजगोपालाचारी यांनी वसाहतीचे उल्हासनगर असे नामकरण केले.

या निर्वासितांना नागरिक कोणी केले? घटनेच्या सहाव्या कलमाने. स्वतः, आईवडील किंवा आजीआजोबा यांपैकी कोणाचा जन्म अविभक्त हिंदुस्थानात झालेला असावा आणि १९ जुलै १९४८ पूर्वी येऊन येथे वास्तव्य केलेले असावे, एवढेच पुरेसे होते. नंतर आलेल्यांसाठी नोंदणीचा मार्ग ठेवला होता. या कलमात धर्माचा शब्दही नाही. पाकिस्तानात जाऊन परतणाऱ्यांवर सातव्या कलमाने कडक अट घातली व तिची झळ प्रामुख्याने मुसलमानांना लागली, हे खरे. तरी कायद्याच्या शब्दांत धर्म आणण्याचे घटनाकारांनी टाळले.

त्याच १९४९ साली इंग्लंडमध्ये टी. एच. मार्शल हे समाजशास्त्रज्ञ केंब्रिजच्या व्याख्यानांत असे मांडत होते की, नागरी व राजकीय हक्कांना किमान आर्थिक सुरक्षिततेची म्हणजे सामाजिक हक्कांची जोड मिळाल्यावाचून नागरिकत्व पूर्ण होत नाही. इकडे २५ नोव्हेंबरला घटनासमितीत डॉ. आंबेडकरांनी बजावले की, राजकारणात समता आणि समाजात व अर्थव्यवहारात विषमता अशा विसंगतीच्या आयुष्यात आपण प्रवेश करीत आहोत. ही विसंगती आज कोठे दिसते? मतपेटीपाशी ती दिसत नाही. ती दिसते तहसील कचेरीच्या खिडकीपाशी, जेथे प्रत्येकाला एक तारीख सिद्ध करावी लागते.

या तारखांचे वर्गीय स्वरूप पाहावे. उल्हासनगरातील ८५५ बेकायदा इमारती पाडण्याचा आदेश उच्च न्यायालयाने दिला, तेव्हा राज्य सरकारने २००६ मध्ये या एका शहरापुरता स्वतंत्र कायदा करून १ जानेवारी २००५ पर्यंतची बांधकामे दंड आकारून नियमित करण्याची सोय केली. त्याच वेळी झोपडीला संरक्षण होते ते १ जानेवारी १९९५ पर्यंतच्या! ही मर्यादा २००० सालापर्यंत नेणारा कायदा २०१४ मध्ये झाला. इमारतींतील कुटुंबांना रस्त्यावर काढावयास हवे होते असे कोणीही समंजस माणूस म्हणणार नाही. त्यांतील अनेकांनी आयुष्याची पुंजी घालून घरे घेतली होती. प्रश्न इतकाच की, जी दया सिमेंटच्या छताला लाभली ती पत्र्याच्या छताला दहा वर्षे मागे का ठेवली गेली?

जन्माने ठरणारा संशय तर याहून जुना. १८७१ च्या गुन्हेगार जमाती कायद्याने इंग्रजांनी जन्मालाच गुन्हा ठरविले. जात म्हणजे वंश नव्हे, असे डॉ. आंबेडकरांनी प्रतिपादन केले होते. २००१ च्या दरबान परिषदेत भारत सरकारनेही जात वंशभेदात मोडत नाही अशी भूमिका घेतली. परंतु ज्याच्या आईबापांवरून त्याची लायकी ठरते, त्याला या शब्दभेदाने काय दिलासा? तो कायदा १९५२ मध्ये रद्द झाला. आज महाराष्ट्रात विमुक्त जातीच्या मुलाला जातीचा दाखला हवा असेल, तर २१ नोव्हेंबर १९६१ पूर्वीचे कुटुंबाचे वास्तव्य दाखवावे लागते. ज्याच्या आजोबाला पालाखेरीज घर नव्हते, त्याने ते कोठून दाखवावे? ज्या राज्यसंस्थेपाशी या माणसांची नावे पोलिसी हजेरीपटावर टिपून घेण्यास कागद होता, तिच्यापाशी त्यांना निवारा देताना मात्र कागद नव्हता.

अर्थशास्त्राच्या दृष्टीने हा एक करच आहे. पगारी नोकर दाखल्यासाठी रजा टाकतो. रोजंदारीवरील बाई तीन खेपा घालते तेव्हा तीन दिवसांची मजुरी बुडविते. मिळकत जितकी कमी, तितका हा कर जड. अंदाजपत्रकात मात्र तो कोठेच दिसत नाही.

२०१९ च्या नागरिकत्व दुरुस्ती कायद्याने आणखी एक तारीख आणली, ३१ डिसेंबर २०१४, आणि तिच्याबरोबर धर्माची अट प्रथमच कायद्याच्या शब्दांत आली. पाकिस्तानातून उशिरा आलेली आणि व्हिसाच्या मुदतवाढीवर दिवस काढणारी सिंधी कुटुंबे उल्हासनगरात आहेत. त्यांना स्थैर्य मिळावे, यात वाद नाही. वाद आहे तो ते धर्माच्या चाळणीतून देण्याविषयी. निर्वासिताचे दुःख त्याच्या धर्माने मोजावे, असे सहाव्या कलमाने म्हटले नव्हते.

तेव्हा कार्यकर्त्यांनी दाखले मिळवून देण्याच्या कामाला किरकोळ समाजसेवा समजू नये. पण दाखला मिळवून देऊन थांबूही नये. कागद नसल्यास स्थानिक चौकशीवर दाखला द्या, झोपडी आणि इमारत यांना एकच तारीख लावा, या मागण्या मोर्च्यात आल्या पाहिजेत. कॅम्पातील सिंधी दुकानदार, पलीकडच्या झोपडपट्टीतील मजूर आणि पालावरचा विमुक्त यांना एका मोर्च्यात आणणे सोपे नाही. तिघांच्याही घरी कागदांची पिशवी उंचावर जपून ठेवलेली असते. त्यांच्या एकजुटीची सुरुवात तेथूनच करावी लागेल.