प्रकाशाचा वेग मोजू द्या की पोरांना

दहावीतल्या मुलाला प्रकाशाचा वेग विचारा, ‘सेकंदाला तीन लाख किलोमीटर’ हे उत्तर तो झोपेतही देईल. पण हा वेग मोजला कसा, असं विचारलं की गाडी अडते. दोष मुलांचा नाही. परीक्षेत आकडा विचारतात, मोजणी कोण विचारतो?

खरी गंमत मोजणीतच आहे. 1849मध्ये फिझो या फ्रेंच शास्त्रज्ञाने पॅरिसजवळ 720 दात्यांच्या फिरत्या चाकातून प्रकाश सोडला आणि साडेआठेक किलोमीटरवरच्या आरशावरून तो परतवला. पनवेलपासून कर्नाळा किल्लासुद्धा याहून लांब! एका खाचेतून गेलेला प्रकाश परत येईस्तोवर पुढचा दाता आडवा यावा, इतकं चाक त्याने पळवलं. प्रकाश दिसेनासा झाला, त्या वेळच्या चाकाच्या गतीवरून त्याने हिशेब मांडला. चूक साधारण पाच टक्क्यांची.

सापेक्ष गती तर पनवेलकर रोज लोकलमध्ये अनुभवतात. खांदेश्वरच्या आसपास समोरून येणारी लोकल सुसाट गेल्यासारखी वाटते, कारण दोन्ही गाड्यांचे वेग जोडले जातात. प्रकाश हा हिशेब जुमानत नाही. 1887मध्ये मायकेलसन आणि मोर्ले यांनी एकच झोत काटकोनात दोन दिशांना धाडून पाहिला, तर पृथ्वीच्या गतीमुळे पडायला हवा होता तो फरक दिसलाच नाही.

त्याच मांडणीचा अवाढव्य अवतार आपल्या हिंगोली जिल्ह्यात, औंढा नागनाथजवळ उभा राहणार आहे. ‘लायगो-इंडिया’च्या दोन भुजा प्रत्येकी 4 किलोमीटरच्या असतील. गुरुत्वीय लहरी टिपणाऱ्या या प्रकल्पाला केंद्राने 2023मध्ये 2,600 कोटी रुपये मंजूर केले. राज्यात असं यंत्र येणार आणि शाळेत मात्र प्रॅक्टिकलची जर्नलं एकमेकांची बघून भरली जाणार, हे कसं चालेल?

सुरुवात पापडापासूनही करता येते. मायक्रोवेव्हमधली फिरती थाळी काढून कच्चा उडदाचा पापड स्थिर ठेवला, की तो सगळीकडे सारखा न भाजता मध्येमध्ये फुलतो. शेजारच्या दोन फुललेल्या जागांमधलं अंतर साधारण 6 सेंटिमीटर, म्हणजे अर्धी तरंगलांबी. तिची दुप्पट करून ओव्हनच्या मागे लिहिलेल्या वारंवारितेने, बहुधा 2,450 मेगाहर्ट्झने, गुणलं की प्रकाशाचाच वेग हाती येतो. मायक्रोवेव्ह लहरी प्रकाशाच्याच कुळातल्या.

पापड वेडावाकडा फुलेल, उत्तर चुकेलही. विज्ञानाच्या शिक्षकांनी हा प्रयोग वर्गात जरूर करावा, आलेला आकडा चुकीसकट जर्नलमध्ये लिहू द्यावा आणि त्याला पूर्ण गुण द्यावेत.