कॅसेटबाहेरचा गेम

‘पोकेमॉन रुबी’ आणि ‘पोकेमॉन सफायर’ या गेमबॉय अ‍ॅडव्हान्सवरच्या गेमांमध्ये बेरीची झुडपं लावता येतात. बेरी मातीत पुरायची, पाणी घालायचं आणि कन्सोल बंद करून आपल्या कामाला लागायचं. काही तासांनी यावं तर रोप वर आलेलं असतं, आणखी काही तासांनी फळ धरलेलं. गेम बंद असतानाही आतला काळ पुढे सरकायचा, कारण कॅसेटमध्ये बटणाएवढ्या सेलवर चालणारं एक घड्याळ होतं. हे गेम २००२ साली जपानमध्ये आले आणि पुढच्या वर्षी अमेरिका-युरोपात पोहोचले. मग एकेका कॅसेटच्या घड्याळाने वर्षाची हद्द ओलांडली आणि एकेका घरातली बेरीची रोपं वाढायची थांबली. रोज पाणी घातलं तरी काही उपयोग होईना. तारखेच्या हिशेबात प्रोग्रॅममध्ये एक चूक राहून गेली होती.

चूक सापडली, पण ती दुरुस्त करायची कुठे? गेम कारखान्यातच चिपवर कायमचा उतरवलेला असायचा. एकदा कॅसेट दुकानात गेली की करणाऱ्यांनाही त्यात काही बदलता येत नसे. शेवटी दुरुस्तीचा छोटा प्रोग्रॅम ‘फायररेड’, ‘एमराल्ड’ अशा नंतरच्या पोकेमॉन गेमांमध्ये घालून पाठवला गेला. दोन गेमबॉय केबलने जोडायचे, एकात नवा गेम, दुसऱ्यात आजारी ‘रुबी’. नवा गेम जुन्या कॅसेटच्या घड्याळाची तारीख पुढे ढकलायचा आणि रोपं पुन्हा वाढू लागायची. प्रोग्रॅममधली मूळ चूक मात्र त्या कॅसेटमध्ये आजही आहे तशीच आहे.

मला ही हकिगत मनापासून आवडते. पैसे तर आधीच मिळाले होते. तरी कुणा मुलाने लावलेलं बेरीचं झुडूप वाढत नाही, ही गोष्ट कुणीतरी आपलं काम मानली आणि त्यासाठी केबलची एवढी यातायात केली. गेमचं अपडेट म्हणजे मुळात हेच. गेम विकून झाल्यावरही त्याची काळजी घेत राहणं.

आता हे फार सोपं झालंय. निन्टेन्डो स्विच हातात असेल तर गेम बंद करायचा, होम स्क्रीनवर त्याच्या चित्रापाशी जायचं, अधिकच्या चिन्हाचं बटण दाबायचं, ‘सॉफ्टवेअर अपडेट’ निवडायचं आणि इंटरनेटवरून घे म्हणायचं. सेटिंग्जमध्ये आपोआप अपडेटची सोय चालू असेल तर तेवढंही करावं लागत नाही. रात्री कन्सोल चार्जिंगला लावून झोपवला की सकाळी नवी आवृत्ती तयार असते.

या वाटेने नुसत्या दुरुस्त्या येतात असंही नाही. ‘स्टारड्यू व्हॅली’ हा शेतीचा गेम एरिक बरोन या एकट्या माणसाने अनेक वर्षं खपून तयार केला. संगणकावर तो २०१६ साली आला, स्विचवर २०१७ च्या ऑक्टोबरमध्ये. त्याचं १.६ क्रमांकाचं मोठं अपडेट कन्सोलवर आलं ते २०२४ च्या नोव्हेंबरमध्ये. त्यात नव्या प्रकारचं शेत होतं, वाळवंटातला उत्सव होता, गावकऱ्यांची नवी बोलणी होती. सात वर्षांपूर्वी गेम घेतलेल्या माणसालाही ते सगळं फुकट मिळालं. ‘अ‍ॅनिमल क्रॉसिंग : न्यू होरायझन्स’चंही तसंच. मार्च २०२० मध्ये, लोक घरांत कोंडले जात असतानाच तो आला आणि नोव्हेंबर २०२१ च्या अपडेटनंतर त्यातल्या संग्रहालयात एका कबुतराने कॉफीचं दुकान थाटलं. ज्याने आपल्या बेटावर वर्षभर रोज फेरी मारली आहे, त्याला हे दुकान उघडलेलं पाहून काय वाटलं असेल ते वेगळं सांगायला नको. मी तरी त्या दिवशी बराच वेळ तिथे नुसती बसून होते.

म्हणूनच एक गोष्ट मला अधिक खुपते. हे सगळं कॅसेटच्या बाहेर राहतं. स्विचच्या छोट्याशा गेम कार्डवर खेळणाऱ्याला काही लिहिता येत नाही. अपडेट उतरतं ते कन्सोलच्या मेमरीत किंवा मायक्रोएसडी कार्डावर. पहिल्या स्विचमध्ये सगळी मिळून ३२ जीबी जागा होती, त्यातली काही यंत्रणेनेच अडवलेली, तेव्हा कार्ड घेतल्याशिवाय गत्यंतर नसे. सेव्ह केलेला खेळही कन्सोलमध्येच राहतो. म्हणजे कॅसेट मित्राला दिली, विकली, भाचरांना पाठवली, तर जाते ती फक्त पहिल्या दिवसाची प्रत. पुढच्या सगळ्या दुरुस्त्या नव्या मालकाने इंटरनेटवरून स्वतः आणायच्या. पूर्वी मराठी पुस्तकांच्या शेवटी शुद्धिपत्र डकवलेलं असायचं. पुस्तक कुणाच्याही हाती गेलं तरी ते सोबत जायचं. गेमचं शुद्धिपत्र मात्र दूर कुठल्यातरी सर्व्हरवर ठेवलेलं असतं, आणि तो सर्व्हर चालू आहे तोवरच आपलं.

याची सगळ्यात बोचरी उदाहरणं निन्टेन्डो ३डीएसवर सापडतात. ऑक्टोबर २०१३ मध्ये ‘पोकेमॉन एक्स’ आणि ‘पोकेमॉन वाय’ जगभर एकाच दिवशी आले. त्यांतल्या लुमिओस नावाच्या मोठ्या शहरात काही ठराविक रस्त्यांवर खेळ सेव्ह केला, तर पुढच्या वेळी गेम उघडताना तो गोठून बसायचा. केलेला सगळा खेळ गेला. त्याच महिन्यात अपडेट आलं आणि प्रश्न मिटला. पण तोवर छापून झालेल्या कॅसेटी आज जुन्या बाजारात फिरत आहेत. मुंबईत लॅमिंग्टन रोडवर किंवा परदेशातल्या एखाद्या नातेवाइकामार्फत अशी कॅसेट घेणाऱ्याच्या हाती जो गेम येतो, तो अपडेटशिवायचा. तो रस्ता त्याच्या गेममध्ये अजून धोक्याचाच आहे.

‘मारिओ कार्ट ७’मध्येही असं झालं होतं. २०११ च्या डिसेंबरमध्ये तो आला आणि वुहू बेटावरच्या एका शर्यतीत लोकांना चोरवाट सापडली. ठरावीक ठिकाणी पाण्यात उडी घेतली की गेम गाडीला उचलून रस्त्यावर बऱ्याच पुढे आणून ठेवायचा. इंटरनेटवर खेळताना ज्याला ही युक्ती माहीत तोच जिंकणार. मे २०१२ मध्ये अपडेट काढून इंटरनेटवरच्या शर्यतींत ती वाट बंद केली. हे योग्यच झालं, कारण तिथे एकाच्या युक्तीने बाकी सगळ्यांचा खेळ नासत होता.

पण एकट्याने खेळायच्या गेमचं काय? ‘झेल्डा : टिअर्स ऑफ द किंगडम’ हा गेम मे २०२३ मध्ये आला आणि काही दिवसांतच लोकांनी त्यात एका वस्तूच्या अनेक वस्तू करण्याची क्लृप्ती शोधून काढली. महिना संपायच्या आत अपडेटने ती बंद केली. बऱ्याच जणांनी आपोआप अपडेटची सोय बंद करून जुनी आवृत्ती जपली, आणि मला त्यात काही गैर दिसत नाही. कुणी आपल्या घरात, आपल्या गेममध्ये, चार हिरे जास्त करून घेतले तर त्याने कुणाचं नुकसान होतं? चौघांनी मिळून खेळायचं तिथे सगळ्यांची आवृत्ती एक हवी. मी एकटी खेळते तिथे कोणती आवृत्ती ठेवायची हे मला ठरवू द्यावं. कॅसेटवाल्यांना अजून एक मोकळीक आहे. कन्सोलमधला त्या गेमचा डेटा काढून टाकला की कार्डावरची मूळ प्रत पुन्हा हाती येते, सेव्ह मात्र वेगळा असल्याने शाबूत राहतो. (जुन्या आवृत्तीत जाण्याआधी नीट विचार करावा. नव्या आवृत्तीतला सेव्ह जुनीला वाचता येईलच असं नाही.) डाउनलोड करून घेतलेल्या गेमला ही वाट नाही. पुन्हा उतरवला की येणार ती ताजी आवृत्तीच.

भारतातल्या खेळणाऱ्याला आणखी एक अडचण येते. स्विच कंपनीने इथे अधिकृतपणे आणलाच नाही. तो येतो दुबईहून, सिंगापूरहून, अमेरिकेतल्या मावशीच्या बॅगेतून. खातं दुसऱ्या देशाचं काढायचं आणि अपडेट उतरवायचं ते अनेकदा मोबाइलच्या हॉटस्पॉटवर. रोजच्या दीड जीबीच्या पॅकवर काही जीबींचं अपडेट म्हणजे दोन-तीन दिवसांचा घरादाराचा डेटा. ब्रॉडबँड असलेल्या घरात हा विचार कुणाच्या मनात येत नाही. तालुक्याच्या गावातल्या मुलाला मात्र तो रोज करावा लागतो.

म्हणून स्विचमधली एक सोय मला फार मोलाची वाटते आणि ती फारशी कुणाला ठाऊक नसते. गेल्या मे महिन्यात आम्ही मांडवी एक्स्प्रेसने कुडाळला निघालो होतो. भाचा आणि भाची, दोघांकडे स्विच आणि दोघांकडे ‘मारिओ कार्ट ८’. शर्यत लावायला गेले तर होईना. एकाची आवृत्ती नवी, दुसरीची जुनी. चिपळूण मागे पडलं होतं, बोगदे सुरू झाले होते आणि मोबाइलला रेंज नव्हती. “आत्या, आता नेट कुठून आणायचं?” भाची रडकुंडीला आली. सॉफ्टवेअर अपडेटच्या त्याच यादीत इंटरनेटखाली दुसरा पर्याय असतो, जवळच्या खेळणाऱ्यांशी आवृत्ती जुळवून घेण्याचा. दोन्ही कन्सोलवर तो निवडला. भाच्याच्या स्विचमधलं अपडेट थेट तिच्या स्विचमध्ये गेलं. मध्ये ना सर्व्हर, ना सिम, ना पॅक. करबुड्याचा साडेसहा किलोमीटरचा बोगदा आला तेव्हा दोघांची शर्यत रंगात आली होती.

म्हणजे एका कन्सोलमधून दुसऱ्यात अपडेट देण्याची विद्या या कंपन्यांकडे आहे. व्हॉल्वच्या स्टीम डेकवरही २०२३ पासून घरातल्या संगणकावरचा गेम घरच्याच नेटवर्कवरून उतरवता येतो, बाहेरचा डेटा जवळजवळ लागत नाही. हेच आणखी पुढे न्यावं, असं मला कळकळीने वाटतं. गेमचं शेवटचं अपडेट काढलं की ते कार्डावर उतरवून ठेवू द्या. सर्व्हर बंद करायचा दिवस येईल त्याआधी खेळणाऱ्याला आपली पूर्ण प्रत घरी ठेवता आली पाहिजे. सध्या गाडी उलट दिशेला निघालीय. २०२५ मध्ये आलेल्या स्विच २ च्या काही गेम कार्डांवर गेम नसतोच, असते ती फक्त डाउनलोड करण्याची किल्ली. डबा विकत घ्यायचा, कार्ड खोचायचं आणि गेम इंटरनेटवरून आणायचा. आणखी वीस वर्षांनी त्या कार्डाचा काय उपयोग असेल, या प्रश्नाचं उत्तर कार्डात नाही.

सर्व्हर बंद होण्याची ही भीती कल्पनेतली नाही. मार्च २०२१ मध्ये सोनीने पीएसपी, पीएस व्हिटा आणि पीएस३ यांची ऑनलाइन दुकानं बंद करणार असल्याचं जाहीर केलं. खेळणाऱ्यांनी इतका आवाज उठवला की पुढच्याच महिन्यात व्हिटा आणि पीएस३ची दुकानं चालू ठेवायचा निर्णय झाला, पीएसपीवरची खरेदी मात्र त्या जुलैमध्ये थांबली. बोलल्याने फरक पडतो याचा हा चांगला दाखला आहे. निन्टेन्डो ३डीएसच्या दुकानातली खरेदी मार्च २०२३ मध्ये संपली, एप्रिल २०२४ मध्ये इंटरनेटवरचा खेळही थांबला. अपडेट उतरवण्याची सोय तूर्तास चालू ठेवल्याचं कंपनीने सांगितलंय. कधीपर्यंत, त्याची तारीख दिलेली नाही.

तेव्हा ज्यांच्या कपाटात, माळ्यावर, मुलांच्या जुन्या दप्तरात ३डीएस पडून आहे, त्यांना माझी विनंती आहे की या रविवारी तो बाहेर काढा. आधी चार्जर शोधून पूर्ण चार्ज करा, बॅटरी फुगलेली नाही ना ते पाहा. आत एसडी कार्ड आहे याची खात्री करा, अपडेट त्यावरच उतरतं. घरातला वायफाय जोडला जात नसेल तर कन्सोल बिघडला असं समजू नका. ३डीएसला फक्त २.४ गिगाहर्ट्झचं वायफाय कळतं, ५ गिगाहर्ट्झचं दिसतच नाही, आणि सुरक्षेच्या पर्यायांत डब्ल्यूपीए३ असेल तर तो राऊटरवर तात्पुरता डब्ल्यूपीए२ करावा लागतो. मग एकेक कॅसेट लावत जा आणि जे अपडेट दाखवेल ते घ्या. त्यांत ‘पोकेमॉन एक्स’ किंवा ‘वाय’ असेल तर सगळ्यात आधी तो लावा, आणि अपडेट पूर्ण होईपर्यंत लुमिओस शहरात सेव्ह करू नका.