गायरानाचा पुरावा कोणत्या वहीत?

१) जमिनीच्या खटल्यात सातबारा बोलतो, असे आपण मानतो. मराठवाड्यात गायरान कसणाऱ्या भूमिहीनांचा पुरावा मात्र दुसऱ्याच वहीत सापडतो : गाव नमुना १-ई, अर्थात अतिक्रमणांची नोंदवही.

२) दादासाहेब गायकवाडांच्या नेतृत्वाखाली १९५९ आणि १९६४ साली भूमिहीनांचे सत्याग्रह झाले. पडीक सरकारी जमीन कसणाऱ्याला द्यावी, ही मागणी. पुढे २८ नोव्हेंबर १९९१ च्या शासन निर्णयाने, भूमिहीन मागासवर्गीयांनी १४ एप्रिल १९९० पर्यंत शेतीसाठी केलेली अतिक्रमणे नियमित करण्याचे ठरले.

३) मेख इथेच आहे. तेव्हाचा ताबा सिद्ध कसा करायचा? १-ई मधली नोंद किंवा दंडाची पावती दाखवून! ज्याला दप्तराने दोषी ठरवले, त्याच्याच हाती हक्काचा कागद आला. ज्याची नोंदच घेतली गेली नाही, तो वर्षानुवर्षे कसूनही उपराच राहिला.

४) २०११ साली जगपाल सिंग खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने गावाच्या सामाईक जमिनींवरील अतिक्रमणे हटवण्याचा आदेश दिला. तो आवश्यकच होता. गायरानावर गुरांचा आणि गावाचाही हक्क आहे. परंतु शासकीय अधिसूचनेनुसार भूमिहीनांना आणि अनुसूचित जाती-जमातींना दिलेल्या पट्ट्यांचा अपवाद त्याच निकालात नमूद आहे.

५) म्हणून नोटीस बजावण्यापूर्वी १-ई उघडली जावी. नोंद नसेल, तर स्थळपाहणी आणि शेजाऱ्यांचे जबाब घेतले जावेत. दप्तराच्या मौनाची शिक्षा कसणाऱ्याने का भोगावी?